टेपची ॲलर्जी : नोंद नेमकी हवी

संपादक महोदय,

ड्रेसिंग काढल्यावर कातडी लाल दिसली की ‘तुम्हाला टेपची ॲलर्जी आहे’ असे सांगून मोकळे होण्याची सवय डॉक्टर, परिचारिका आणि रुग्ण अशा सगळ्यांनाच लागली आहे. यातल्या बऱ्याच तक्रारी ॲलर्जीच्या नसतातच. टेप ओरबाडून काढल्याने कातडीचा वरचा थर निघालेला असतो, नाहीतर टेपखाली घाम साचून ती पांढरी, मऊ पडलेली असते. इजा आणि ॲलर्जी यांचे उपाय वेगळे आहेत, म्हणून आधी नीट निरखून पाहावे.

नुसती इजा असेल तर लाली टेपच्या आकारातच राहते, खाजेपेक्षा आग जास्त होते आणि टेप निघाला की एक-दोन दिवसांत ती ओसरू लागते. ॲलर्जीचे पुरळ सहसा एक ते तीन दिवसांनी उठते. खाज अनावर असते, पाण्याचे बारीक फोड येतात, पुरळ टेपच्या कडेबाहेर पसरते आणि टेप काढल्यावरही काही दिवस वाढू शकते. शस्त्रक्रियेनंतर खुब्यापाशी किंवा गुडघ्यापाशी टेपच्या टोकाला येणारे मोठे फोड मात्र बहुधा ताणाचे असतात. टेप ओढून चिकटवलेला असतो आणि खालचा भाग सुजतो, म्हणून ते येतात.

तेव्हा टेप लावताना तो अजिबात ताणू नये. आधी मध्यभाग टेकवावा, मग दोन्ही टोके बाहेरच्या बाजूला सोडत हलक्या हाताने दाबावीत. पोव्हिडोन आयोडीन हे जंतुनाशक पूर्ण वाळू द्यावे. ओल्या आयोडीनवर टेप बसला की खालची कातडी भाजल्यासारखी होते आणि दोष टेपला जातो. केस वस्तऱ्याने काढू नयेत, कात्रीने किंवा क्लिपरने कापावेत. एक टोक अर्धा सेंटिमीटर दुमडून ठेवले की काढताना नखाने खरवडावे लागत नाही.

काढताना घाई करू नये, हे वयस्कर माणसे, तान्ही मुले आणि दीर्घकाळ स्टिरॉइड घेणारे यांच्या बाबतीत तर फारच महत्त्वाचे. टेप वर उचलून ओढायचा नाही. तो स्वतःवरच उलटा दुमडून, कातडीला समांतर, केसांच्या दिशेने सोलत न्यायचा आणि सुटलेल्या जागेची कातडी दुसऱ्या हाताच्या बोटांनी दाबून धरायची. निघत नसेल तर सिलिकॉनचा रिमूव्हर (टेप सोडवणारा द्रव) वापरावा. तेलानेही सुटतो, पण तेलकट जागेवर पुढचा टेप टिकत नाही.

आता खऱ्या ॲलर्जीविषयी. जुन्या पद्धतीच्या झिंक ऑक्साइडच्या चिकटपट्टीत राळ असते, काही लवचिक पट्ट्यांत रबराची रसायने असतात आणि आधुनिक टेपमध्ये ॲक्रिलेट हे चिकटवणारे रसायन असते. मधुमेहींच्या, कातडीला चिकटवायच्या ग्लुकोज सेन्सरमधल्या आयसोबॉर्निल ॲक्रिलेट या त्याच्याच एका प्रकाराची ॲलर्जी २०१७ पासून नोंदली गेली आहे. ‘हायपोअ‍ॅलर्जेनिक’ (ॲलर्जी कमी आणणारा) असे छापलेल्या टेपमध्येही ॲक्रिलेट असू शकते, त्यामुळे त्या शब्दावर विसंबू नये. टेपखाली चोपडलेले निओमायसिन या प्रतिजैविकाचे मलमही अनेकदा खरे कारण निघते. बेन्झॉइनचे टिंक्चर (राळेचा चिकट द्रव) लावून टेप घट्ट करण्याची पद्धत तर ॲलर्जीच्या रुग्णात टाळावीच, कारण ते स्वतःच ॲलर्जी आणू शकते.

पर्याय म्हणून सिलिकॉनचा टेप चांगला. कातडी कमी ओढतो आणि उचलून पुन्हा लावता येतो. ओल्या जागी आणि जड नळ्यांना मात्र त्याची पकड अपुरी पडते. हातापायांवर टेपच नको. गॉजवर रोलर बँडेज किंवा नळीसारखी जाळी पुरते. नवीन टेपचा दोन सेंटिमीटरचा तुकडा दंडाच्या आतल्या बाजूला ४८ तास लावून पाहावा आणि काढल्यावर आणखी दोन दिवस जागेवर लक्ष ठेवावे. अशा तुकड्याने ॲलर्जी नेमक्या कोणत्या घटकाची आहे ते कळत नाही. त्यासाठी त्वचारोगतज्ज्ञांकडून पाठीवर एकेक घटक चिकटवून पाहणारी पॅच टेस्ट करून घ्यावी.

पुरळ उठल्यास टेप काढून जागा कोमट पाण्याने धुवावी. अखंड कातडीवर १ टक्का हायड्रोकॉर्टिसोनचे (सौम्य स्टिरॉइडचे) मलम काही दिवस चालते, उघड्या जखमेवर नाही. पू, वाढती लाली किंवा ताप असेल तर डॉक्टरांना दाखवावे.

आमची मागणी साधी आहे. केसपेपरवर औषधांच्या ॲलर्जीशेजारी टेपसाठीही रकाना असावा आणि त्यात नुसते ‘टेप ॲलर्जी’ न लिहिता ‘कागदी टेप, पोटावर, दुसऱ्या दिवशी फोड, कडेबाहेर पसरले, सिलिकॉन चालतो’ इतके लिहावे. उत्पादकांनीही डिंकाचे घटक वेष्टनावर छापावेत. लॅटेक्सची (नैसर्गिक रबराची) नोंद मात्र वेगळी हवी. हातमोजे किंवा फुगा यांच्या स्पर्शाने काही मिनिटांत गांध्या, ओठांना सूज किंवा दम लागत असेल, तर ती तातडीची आणि जिवावर बेतू शकणारी ॲलर्जी असते. ती शस्त्रक्रियेची तारीख ठरतानाच सांगावी, म्हणजे हातमोज्यांपासून नळ्यांपर्यंत सारे लॅटेक्सविरहित साहित्य आधी जमवता येते.

– ड्रेसिंग विभागातील परिचारिका