विजयला पत्र

सातारा

प्रिय विजय,
सप्रेम नमस्कार.

तुझी लेक माहितीपटांच्या चित्रकामात जायचं म्हणते, म्हणून तू माझं मत विचारलंस. पैसे वेळेवर येत नाहीत. दोन कामांच्या मधे महिनेच्या महिने रिकामे जातात, तेव्हा मी अजून शाळेच्या भिंती नि गणपतीचे देखावे रंगवतो. हे तिला आधी सांग. तरी हे काम सोडावं असं मला कधी वाटलं नाही.

सध्या इनामगाववरच्या माहितीपटाचं काम चालू आहे. शिरूर तालुक्यात घोड नदीकाठी डेक्कन कॉलेजच्या लोकांनी १९६८ ते १९८३ या काळात खणून काढलेलं ताम्रपाषाण काळातलं, म्हणजे माणसं तांबं नि दगड दोन्हींची हत्यारं वापरायची तेव्हाचं गाव. तिथली माणसं मेलेल्याला घरातच पुरायची. मोठं माणूस असेल तर घोट्याखालून पावलं तोडायची. लेकरू असेल तर दोन रांजण तोंडाला तोंड लावून त्यात ठेवायची. मेलेला उठून चालू लागू नये म्हणून पावलं तोडत असतील, असा एक कयास आहे. आणि त्याच गावात एका पाच खोल्यांच्या घराच्या अंगणात चार पायांचा, कच्च्या मातीचा, मोठ्या पोटाचा रांजण निघाला. आत बसवलेला चाळिशीचा पुरुष. त्याची पावलं मात्र शाबूत! तो गावचा प्रमुख असावा, असं काही अभ्यासक म्हणतात.

विज्या, हा माणूस मला झोपू देत नाही. तो कसा बसला होता ते हाडांवरून कळतं. त्याला आत ठेवताना कोण रडलं, कोणी हात दिला, हे मातीत उरत नाही, आणि पडद्यावर तर काहीतरी दाखवावंच लागतं. मागे एका निर्मात्याला रांजणाभोवती कवट्यांच्या माळा घातलेले मांत्रिक हवे होते. मी नाही म्हटलं, काम गेलं. आताची मंडळी ऐकणारी आहेत. जे सापडलंय तेवढंच मी रंगात काढतो: लाल भांड्यांवरची काळी नक्षी, तोटीची भांडी, चूल. बाकी सगळं उघड्या पेन्सिलच्या रेषेत ठेवतो. बघणाऱ्याला पुरावा कुठे संपला ते डोळ्यांनी दिसलं पाहिजे, यावर मी अडून बसतो.

रांजण काढण्याआधी इथल्या एका म्हाताऱ्या कुंभारकाकांकडे गेलो. त्यांनी चित्रावरून बोट फिरवलं नि म्हणाले, "एवढं मोठं अंग चाकावर चढत न्हाई. थापत थापत वाढवायचं. आन् पाय मागनं डकवायचे, न्हाईतर बसतंय." मग मी पाय जिथे पोटाला चिकटतात तिथे बोटांचे दाब काढले. अर्थात पेन्सिलने, कारण तो काकांचा अंदाज आहे.

लेकीला कॉम्प्युटरवरचं काम येतंच, पण हात बसायला हवा. दिवाळीच्या सुट्टीत तिला कराडपर्यंत एसटीत बसवून दे, मी उतरवून घेतो. जखिणवाडीला आगाशिवच्या बौद्ध लेण्यांत बसून काढू. एकाच विहारात सकाळी नि संध्याकाळी उजेड कुठवर पोचतो, ते तिने स्वतः बघावं. कोळसा नि जाड कागद मी आणतो, तिला जुने बूट घालून यायला सांग.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
अशोक