आमच्या आप्पांचं मत कोणी टाकलं?

माननीय संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

मी सातारा जिल्ह्यातल्या एका गावच्या विकास सोसायटीचा, म्हणजे शेतकऱ्यांना पीककर्ज देणाऱ्या गावच्या सहकारी संस्थेचा, साधा सभासद आहे, कुठल्या पॅनेलचा नाही की उमेदवारही नव्हतो, हे आधीच सांगतो कारण सोसायटीच्या निवडणुकीवर कोणी बोललं की लोक पहिलं विचारतात हरला का म्हणून. आमचे वडील, आम्ही त्यांना आप्पा म्हणायचो, 2017 साली वारले. मृत्यूचा दाखला जोडून वारसनोंदीचा अर्ज तेव्हाच दिला होता. तरी 2022 च्या निवडणुकीत यादीत आप्पांचं नाव तसंच, आणि नुसतं नाव असतं तर म्हटलं असतं राहिलं असेल, पण दुपारी चुलतभावाचा फोन आला, तो बूथवर पोलिंग एजंट होता, म्हणाला आप्पांच्या नावापुढे टिक झाली की रे. त्याने तिथेच हरकत घेतली तर उत्तर मिळालं, पेटीत पडलेलं मत आता बाहेर कसं काढणार. आईला ही गोष्ट मी दोन दिवस सांगितली नाही.

सहकारात एका सभासदाला एकच मत, मग त्याचे शेअर्स एक असोत की शंभर. असं असताना मेलेल्या माणसाचं मत टाकणं ही साधी चोरी नाही, असं मला मनापासून वाटतं.

आता सगळे म्हणतात बंदोबस्त वाढवा, कॅमेरे लावा. लावा की. पण निवडणूक त्या दिवशी होतच नाही हो, ती कधीच होऊन गेलेली असते, मतदार यादी बनते तेव्हा. 2013 साली महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्यात दुरुस्ती होऊन राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरण आलं, 2014 ला निवडणुकीचे नियम आले, हे चांगलंच झालं, पण यादीचा कच्चा माल येतो कुठून तर संस्थेच्याच दप्तरातून, म्हणजे ज्यांची सत्ता त्यांच्याच ऑफिसातून. प्रारूप यादी लागते, हरकतीला थोडे दिवस मिळतात, त्यात निम्मं गाव मुंबई पुण्याला, बाकीचे रानात, कोण जातंय नावं वाचायला. बरं मयतांची नोंद असते ग्रामपंचायतीत आणि आमची सोसायटी ग्रामपंचायतीच्या समोर आहे, मधे फक्त रस्ता! दरवर्षी मार्चनंतर ते रजिस्टर आणि सभासद रजिस्टर शेजारी ठेवून दोन माणसं बसली तर एका दिवसाचं काम आहे. विधानसभेच्या यादीत फोटो असतो तसा इथेही छापा, म्हणजे आप्पांच्या नावावर कोणी दुसरा उभा राहिला तर समोरचा कर्मचारी परगावचा असला तरी त्याला कळेल.

दुसरं म्हणजे ठराव. शहरातल्या वाचकांना हे माहीत नसेल. जिल्हा बँकेच्या किंवा दूध संघाच्या निवडणुकीत सोसायटीच्या वतीने एकच माणूस मत देतो, ज्याच्या नावे ठराव झालाय तो. हा ठराव संचालकांच्या मीटिंगमध्ये होतो आणि कित्येकदा आम्हा सभासदांना कोणाच्या नावे झाला हेही पेपरातून कळतं. मग ठरावधारक मंडळी सहलीला जातात, थेट मतदानाच्या दिवशी परत येतात. मतदार मोजके, म्हणून प्रत्येकाला गाठता येतं. निदान ठराव कोणाच्या नावे केला याची नोटीस फळ्यावर लागली पाहिजे, ती मीटिंग कधी आहे हे आधी कळलं पाहिजे, एवढं तरी सक्तीचं करा.

बिनविरोध झाली की गावात फटाके वाजतात. खर्च वाचतो हे खरंय, कारण निवडणुकीचा खर्च संस्थेच्याच माथी असतो, पण अर्ज मागे घ्यायच्या शेवटच्या दिवशी कोणाकोणाच्या घरी रात्री गाड्या थांबल्या होत्या तेही गावाला माहीत असतं.

तक्रारीची वाट आहे, त्याच सहकारी संस्था कायद्याच्या कलम 91 खाली सहकार न्यायालय, निकालानंतर दोन महिन्यांच्या आत दावा लावायचा. मी वकिलाकडे जाऊन आलो. एका मताने निकाल बदलत नव्हता आणि दावा किती वर्षं चालेल सांगता येत नाही म्हणाले, तेव्हा थांबलो. म्हणूनच म्हणतो की तपासणी आधी व्हायला पाहिजे, यादी अंतिम व्हायच्या आत, आणि तीही बाहेरच्या तालुक्यातल्या अधिकाऱ्याकडून. मयताचं नाव मुद्दाम ठेवलेलं सापडलं तर ज्याने यादीवर सही केली त्याच्यावर थेट गुन्हा नोंदवा, संस्थेला दंड नको, तो परत आमच्याच खिशातून जातो.

पुढची निवडणूक आता लांब नाही. मागच्या महिन्यात मी वारसनोंदीचा तिसरा अर्ज दिला, दाखल्याची नवी प्रत जोडून. इलेक्शन झाल्यावर बघू असं तोंडी सांगितलंय. मी शिक्क्यानिशी पोच घेतली आहे आणि त्याची एक प्रत निवडणूक अधिकाऱ्यांना रजिस्टर पोस्टाने पाठवली आहे.

आपला,
एक सभासद, जि. सातारा