विषय: सी विंगच्या गच्चीवरील फाइट शूटिंग बंद करण्याबाबत

मा. अध्यक्ष महोदय,
सप्रेम नमस्कार.

सहाव्या मजल्यावरच्या मुलांनी कराटेची फिल्म करू नये, असे माझे अजिबात म्हणणे नाही. मुले मेहनती आहेत. डिलाईल रोडवर आपल्याच गच्चीवरून गिरणीची चिमणी नीट फ्रेममध्ये येते, हेही मला समजते. पण लेखी तक्रारीवर "पोरं आहेत, करू द्या" एवढेच उत्तर मिळाले, म्हणून सविस्तर लिहीत आहे.

८०० वॅटचे तीन हॅलोजन म्हणजे साधारण साडेदहा अँपिअर. ते जिन्यातल्या ६ अँपिअरच्या सॉकेटवर लावतात, तेही एक्स्टेन्शनची वायर रिळावर गुंडाळलेली ठेवून. अशी वायर आतल्या आत तापते आणि तिचे इन्सुलेशन वितळते. बिल मात्र कॉमन मीटरवर.

लाथ बसली की धूळ उडावी म्हणून कपड्यांना मुलतानी माती फासतात. नंतर गच्ची धुतली की तो गाळ पावसाळी पाइपाच्या जाळीत बसतो, पाणी तुंबते आणि माझ्या बेडरूमच्या स्लॅबला ओल येते. फोडायच्या नकली काचा साखरेच्या. दमट हवेत त्यांचे तुकडे पायऱ्यांना चिकटतात आणि मुंग्यांची रांग ७०२ च्या उंबऱ्यापर्यंत जाते.

सर्वांत गंभीर बाब दोरीची. उडी मारणाऱ्याच्या कमरेची दोरी टाकीच्या जीआय (जस्ताचा मुलामा दिलेल्या लोखंडी) पाइपाला बांधलेली असते. पडताना बसणारा झटका वजनाच्या कित्येक पट असतो, तो त्या पाइपाला पेलणार नाही. खाली अंथरलेल्या इंचभर मॅट पाय रोवून उभे राहण्यासाठी असतात. पाठीवर पडायचे तर फूटभर फोम हवा, नाहीतर रिकाम्या खोक्यांचे थर आणि वर गादी. मुळात कठड्यावर चढायचे कारणच नाही. कॅमेरा खाली ठेवून लांब लेन्स लावली, तर दहा फूट आत उभा असलेला माणूसही कडेवर वाटतो. ठोशांचे आवाज नंतर डबिंगमध्येच भरतात, मग रात्री अकराला आरडाओरडा कशाला? ध्वनिप्रदूषण नियम, २००० नुसार निवासी भागात रात्री १० नंतर ४५ डेसिबलची मर्यादा आहे.

सातव्या मजल्यावरील सर्वांचे हेच मत आहे. मागाल तेव्हा सह्या देऊ.

गच्चीची किल्ली वॉचमनकडे ठेवावी, जाळी फिल्म करणाऱ्या मुलांच्या खर्चाने साफ करून घ्यावी आणि स्लॅबच्या दुरुस्तीसाठी त्यांच्याकडून अनामत घ्यावी. खजिनदारांचे चिरंजीव त्याच फिल्ममध्ये काम करतात, तेव्हा या विषयावर खजिनदारांनी मत देऊ नये.

कळावे,
आपला नम्र,
सभासद, ७०१, सी विंग