उस्ताद, आधी दिव्याकडे बघायला लावलंत म्हणून

आदरणीय उस्ताद,

सप्रेम नमस्कार.

सेल्फ फिरतोय, गाडी स्टार्ट होत नाही, डॅशबोर्डवर चावीचं चित्र लुकलुकतंय आणि शेजारी उभा असलेला माणूस छातीठोकपणे सांगतोय, "इमोबिलायझर गेला." इमोबिलायझर म्हणजे चावी ओळखल्याशिवाय इंजिन चालू न होऊ देणारी चोरीविरोधी यंत्रणा. ते वाक्य ऐकलं की थेट तिच्या युनिटच्या किमतीवर यायची आमची सवय तुम्ही मोडलीत. तुम्ही लिहून दिलेली ती चार पानं आता तेलाच्या बोटांनी काळी झाली आहेत, पण त्यांतला क्रम आम्ही एकदाही बदललेला नाही. हे आभार चारचौघांत मानतोय, कारण त्या पानांवरचं काम आमच्यापुरतं ठेवण्यासारखं नाही.

तुम्ही सुरुवातच साखळी काढून केली होतीत. चावीतली चिप, कुलपाभोवतीची कॉइल, चिपचं उत्तर वाचणारं युनिट (ते वेगळं असेल किंवा बीसीएममध्येच, म्हणजे बॉडीच्या कंट्रोल युनिटमध्येच असेल) आणि शेवटी इंजिन चालवणारा संगणक, म्हणजे ईसीएम. इग्निशन ऑन केलं की कॉइल बहुतेक गाड्यांत १२५ किलोहर्ट्झच्या आसपास लहरी सोडते. चिपला स्वतःचा सेल नसतो. तेवढ्या लहरींवरच ती जागी होते आणि उत्तर देते. जुन्या चिपा ठरलेला नंबर सांगत, नंतरच्या चिपा युनिटने विचारलेल्या कोड्याचं दर वेळी वेगळं उत्तर देतात. उत्तर पटलं तर ईसीएमला परवानगी मिळते. नाही पटलं तर इंजेक्टर बंद, कुठे स्पार्क बंद, कुठे सेल्फच बंद. चार कड्या आणि त्यांना पोसणारा करंट. "यातली कोणती तुटली ते सांगा, मग पाना उचला," हे तुमचं वाक्य पहिल्या पानावर जाड अक्षरात आहे.

पहिली तपासणी दिव्याची, आणि ती फुकट असते. इग्निशन ऑन केल्यावर चावीचा किंवा कुलपाचा दिवा दोन-तीन सेकंद लागून विझला तर चावी ओळखली गेली, पुढचा तपास दुसरीकडे. दिवा जोरात लुकलुकत राहिला किंवा विझलाच नाही, तर ओळख पटलेली नाही. दिवा मुळीच लागला नाही तर दिवाच गेलाय किंवा युनिटला सप्लाय नाही, आणि या तिसऱ्या शक्यतेकडे बहुतेकांचं लक्षच जात नाही. इग्निशन बंद असताना तो सावकाश लुकलुकतो ते मात्र बिघाडाचं लक्षण नव्हे, चोरीविरोधी यंत्रणा जागी असल्याची खूण आहे. ती पाहून घाबरलेले लोक आजही भेटतात.

मग प्रश्न असा की दोष इमोबिलायझरचा आहे तरी का? सेल्फ मारताना स्कॅनरवर (गाडीच्या युनिटांतली माहिती वाचणाऱ्या यंत्रावर) आरपीएम, म्हणजे इंजिनचे मिनिटाला फेरे, शून्य दिसत असतील तर ते फेरे मोजणारा क्रँक सेन्सर किंवा त्याची वायर बघायची. तिथे चावी बदलून काही होणार नाही. आरपीएम २०० च्या आसपास दिसतोय आणि इंजेक्टरच्या सॉकेटात लावलेला नॉइड लाइट (इंजेक्टरला पल्स मिळते का दाखवणारा छोटा दिवा) लुकलुकत नाही, तर ईसीएमने पल्स रोखली आहे. अशा वेळी संशयाला जागा आहे. एका-दोन सेकंदांत इंजिन चालू होऊन मरत असेल आणि दर वेळी तेवढ्याच वेळात मरत असेल, तरीही संशय पक्का. काही कंपन्यांची यंत्रणा अशीच चालते. सेल्फ फिरतच नसेल तर आधी क्लचचा स्विच, ऑटोमॅटिकचा न्यूट्रल स्विच आणि ब्रेकचा स्विच. इग्निशन ऑन केल्यावर पेट्रोल पंप दोन सेकंद घुमला म्हणजे इमोबिलायझर ठीक, असा निष्कर्ष मात्र काढायचा नाही, हे तुम्ही दोनदा अधोरेखित केलं आहे. परवानगी नसतानाही पंप चालवणाऱ्या गाड्या आहेत आणि न चालवणाऱ्याही.

चावीबद्दल तुम्ही जे लिहिलंत त्याने आमचे सर्वांत जास्त तास वाचले. रिमोटने दरवाजे उघडतात म्हणून चिप चांगली, हा समज साफ चुकीचा. रिमोटचा सेल वेगळा, रेडिओ वेगळा, चिप वेगळी. खोचायच्या चावीत रिमोटचा सेल संपला तरी इंजिन चालू व्हायला हवं. चावीचं कव्हर बदललं की जुन्या कव्हरच्या कोपऱ्यातल्या खाचेत बसलेली चिप तिथेच राहते. तांदळाच्या दाण्याहून जराशी मोठी काचेची नळी किंवा काळा छोटा ठोकळा, आणि तो जुन्या कव्हरसोबत कचऱ्यात जातो. नवी चावी कुलपात सुरेख फिरते, गाडी चालू होत नाही. काचेची चिप चावी पडल्यावर केसाएवढी तडकते आणि मग कधी उत्तर देते, कधी नाही. म्हणून दुसरी चावी मागवायची आणि ती एकटीच लावायची. जुडग्यात दुसऱ्या गाडीची चिपवाली चावी असेल तर दोघी एकदम उत्तर द्यायला लागतात आणि युनिटला कोणाचंच धड ऐकू येत नाही. दुसऱ्या चावीने गाडी चालू झाली तर दोष पहिल्या चावीचा. दोन्हींनी नाही झाली तर कॉइलकडे, सप्लायकडे किंवा वायरिंगकडे वळायचं.

यानंतरचं पान सगळ्यांत जास्त मळलंय, कारण ते करंटचं आहे. बॅटरी विसावलेली असताना १२.६ व्होल्ट म्हणजे भरलेली, १२.२ म्हणजे निम्म्यावर आलेली. सेल्फ मारताना ती ९.६ च्या खाली जाऊ नये. पण तुमचा खरा आग्रह वेगळ्या मापाचा होता: ते ९.६ बॅटरीच्या टोकांवर मोजून थांबू नका, ईसीएमच्या आणि इमोबिलायझरच्या पिनवर मोजा. सेल्फ मारताना तिथे व्होल्टेज फार पडलं तर ईसीएम रीसेट होतो, चावीची ओळख अर्ध्यात तुटते आणि दिवा लुकलुकायला लागतो. बिचारा इमोबिलायझर आरोपी ठरतो. बॅटरीचं टर्मिनल साफ करून आवळलं की बरा होणारा "इमोबिलायझरचा प्रॉब्लेम" तो हाच.

त्याच पानावर इग्निशन स्विचची युक्ती आहे. चावी ऑनवर असताना युनिटला १२ व्होल्ट मिळतात, सगळं ठीक दिसतं. चावी स्टार्टवर फिरवली की झिजलेला कॉन्टॅक्ट ऑनची लाइन क्षणभर सोडतो. मीटर एवढ्या झटपट दाखवत नाही, म्हणून तुम्ही टेस्ट लॅम्प लावायला सांगितलात. एकाने सेल्फ मारायचा, दुसऱ्याने लॅम्पवर नजर ठेवायची. सेल्फच्या वेळी तो थोडा मंद होणं ठीक, विझता कामा नये. विझला तर स्टेअरिंगखालचा स्विच बदलायचा, युनिटला हात लावायचा नाही.

आणि तो इंडिकेटरचा २१ वॅटचा बल्ब! गंजलेल्या जोडातून मीटरला १२ व्होल्ट आरामात दिसतात, कारण मीटर जवळजवळ काहीच करंट घेत नाही. युनिटचं सॉकेट काढून सप्लाय आणि अर्थच्या (बॉडीमार्गे बॅटरीच्या मायनसला जाणाऱ्या) पिनांमध्ये २१ वॅटचा बल्ब लावला की तो पावणेदोन अँपिअरच्या आसपास ओढतो आणि जोडाचं खरं रूप उघडं पडतं. बल्ब लालसर, मंद लागला की वायरीत कुठेतरी अडथळा आहे. हा बल्ब फक्त सप्लाय आणि अर्थवर लावायचा. सिग्नलच्या किंवा डेटाच्या पिनेवर लावला तर समोरच्या युनिटचा बळी जाईल, ही तुमची तंबी लाल शाईत आहे. अर्थसाठी वेगळी मोजणी: मीटरचं एक टोक बॅटरीच्या मायनसला, दुसरं युनिटच्या अर्थ पिनला, सर्व काही चालू असताना. ०.१ व्होल्टपेक्षा जास्त दिसलं तर बॉडीवरचा अर्थचा बोल्ट काढून, खालचा रंग आणि गंज घासून परत आवळायचा.

स्कॅनरबाबत तुमचा नियम एका ओळीचा आहे: आधी लिहा, मग पुसा. फक्त इंजिनचे नव्हे, सगळ्या युनिटांचे कोड. पी०५१३ म्हणजे चावी चुकीची, पी०६३३ म्हणजे ईसीएममध्ये चावीची नोंद नाही, यू०१६७ म्हणजे इमोबिलायझर युनिटशी बोलणं तुटलंय, यू०४२६ म्हणजे तिथून आलेली माहिती पटत नाही. पहिले दोन चावीकडे आणि नोंदणीकडे बोट दाखवतात, यू०१६७ सप्लाय आणि वायरिंगकडे. पुसून इग्निशन बंद-चालू केल्यावर जो कोड लगेच परत येतो तोच कामाचा. बॅटरी काढल्यामुळे पडलेले जुने कोड नुसती गर्दी करतात. स्कॅनरच्या लाइव्ह डेटात (त्या क्षणीच्या आकड्यांत) नोंदलेल्या चाव्यांची संख्या दिसत असेल तर तीही टिपायची. मालकाकडे दोन चाव्या आणि यादीत एकच, एवढ्यावर कोडं सुटू शकतं.

कॉइलकडे आम्ही पूर्वी बघतच नव्हतो. कुलपाभोवतीची ती काळी कडी, तिचा छोटा सॉकेट स्टेअरिंगच्या कव्हरखाली. स्टेअरिंग वर-खाली करून करून तिथली वायर पिनेपाशी तुटते. ओहम मोजायचे. आकडा गाडीगणिक बदलतो, म्हणून त्याच मॉडेलच्या चालू गाडीशी ताडून पाहायचा. सर्किट ओपन दाखवलं तर मात्र ताडायची गरजच नाही. मीटर लावून ठेवून वायर हलवायची, आकडा नाचला की सापडली. कॉइल लहरी सोडते का, हे साध्या मीटरच्या एसी व्होल्टवर कळत नाही, १२५ किलोहर्ट्झ त्याच्या आवाक्याबाहेर आहेत. त्यासाठी ऑसिलोस्कोप, नाहीतर तुमची ती कडी: बारीक एनॅमल तारेचे पन्नासएक वेढे आणि दोन टोकांना लाल एलईडी. कुलपाभोवती धरून इग्निशन ऑन केलं की क्षणभर एलईडी चमकतो. आधी चालू गाडीवर चमकतो का बघायचं, नसेल तर वेढे वाढवायचे, मगच बंद गाडीवर विश्वासाने लावायचा. चमकला म्हणजे कॉइल बोलतेय एवढंच सिद्ध झालं. चिप उत्तर देते की नाही हा वेगळा प्रश्न, हेही तुम्हीच बजावलंत.

कॅनच्या लाइनीचं, म्हणजे युनिटं ज्यावरून एकमेकांशी बोलतात त्या दोन तारांचं पान छोटं आहे. बॅटरी काढून डायग्नोस्टिक सॉकेटच्या ६ आणि १४ नंबरच्या पिनांमध्ये ६० ओहम आले तर दोन्ही टोकांचे रेझिस्टन्स जागेवर. १२० आले तर एक गायब. शून्याच्या जवळ आले तर दोन्ही तारा एकमेकींना चिकटल्यात. मध्ये गेटवे (सॉकेट आणि आतल्या लाइनी यांच्यामधलं युनिट) असलेल्या गाडीत हे माप आतल्या लाइनीबद्दल काहीच सांगत नाही.

बाहेरून बसवलेल्या अलार्मबद्दल तुमची भाषा जरा कडक होती आणि ती योग्यच होती. इग्निशनची वायर कापून मध्ये रिले, जोड नुसता पिळलेला, वर टेप. उन्हात टेपचा गोंद सुटतो आणि जोड सैल होतो. डॅशखाली असा रिले दिसला की कंपनीच्या यंत्रणेची तपासणी थांबवून आधी मूळ वायर जोडून बघायची.

बटण स्टार्टच्या गाडीत हिशोब थोडा उलटा. तिथे चावीचा सेल, बहुधा सीआर २०३२, मेला की गाडी चावी ओळखत नाही. पण आत चिप असतेच. चावी बटणाला टेकवून किंवा मॅन्युअलमध्ये दाखवलेल्या जागी धरून बटण दाबायचं. तेवढ्याने चालू झाली तर सेल बदला.

एवढं सगळं धड निघालं आणि तरी दिवा लुकलुकतोय, तेव्हाच युनिट. ते उघडून पाण्याचे डाग, पिनांवरचा हिरवा साका आणि तडकलेले सोल्डर बघायचे. जुन्या बाजारातला ईसीएम आणून बसवला तर तो आपल्या इमोबिलायझरला ओळखणार नाही; जोडी नव्याने कोड करावी लागते किंवा जुन्या गाडीचा पूर्ण संच आणावा लागतो. कोडिंग करताना बॅटरीला स्थिर सप्लाय लावायचा, मध्येच व्होल्टेज पडलं तर युनिट कायमचं जाऊ शकतं. मालकाच्या सगळ्या चाव्या आधी मागवून ठेवायच्या, कारण बऱ्याच गाड्यांत नवी नोंदणी करताना जुन्या चाव्या यादीतून पुसल्या जातात. नोंदणीसाठी लागणारा पिन कोड चुकीचा टाकत राहिलं की यंत्रणा काही काळ दार लावून घेते, तेव्हा अंदाजाने आकडे टाकायचे नाहीत. आणि गाडीचे कागद पाहिल्याशिवाय चावी कोड करायची नाही. इमोबिलायझर कायमचा बंद करून देणाऱ्यांबद्दल तुम्ही समासात जो शब्द लिहिलाय तो इथे छापता येणार नाही, पण मताशी आम्ही सहमत आहोत.

उस्ताद, तुमची ती एलईडीची कडी अजून आमच्याकडेच आहे. एक वेढा सुटला होता, तो सोल्डर केलाय. नवी बनवून तुम्हाला पाठवतो, जुनी मात्र परत मागू नका.

तुमचे ऋणी,
मीटर हातात धरायला तुमच्याकडून शिकलेले आम्ही सगळे