अपील मागे घेण्याआधी

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

काकांशी तडजोड झाल्याचं बाबा फोनवर सांगत होते तेव्हा मागून आईचा आवाज आला, "सुटलो बाई एकदाचे." आई, मलाही अगदी तसंच वाटलं. दोन घरांमधल्या जागेच्या एवढ्याशा पट्ट्यापायी सख्खे भाऊ एकमेकांच्या दारात जात नव्हते. काका आपणहून आले आणि बाबांनी त्यांना बसवून घेतलं, याचा मला फार अभिमान वाटतो.

पण बाबा, "पुढच्या तारखेला अपील काढून घेतो" म्हणालात, ते मात्र तेवढं करू नका. नुसती पुरशिस, म्हणजे कोर्टात लेखी निवेदन, देऊन अपील मागे घेतलं की खालच्या कोर्टाचा हुकूमनामा, म्हणजे निकालाचा आदेश, जसाच्या तसा कायम होतो. त्यात अख्खा पट्टा काकांचा आहे आणि तुम्ही त्यावर अतिक्रमण केलं असं म्हटलंय. त्या शब्दाने तुम्ही किती दिवस जेवला नव्हता, ते मी पाहिलंय. अपिलात मिळालेली स्थगितीही तिथेच संपेल. ताब्यासाठी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, 12 वर्षांपर्यंत लावता येते, आणि कोर्टात न नोंदवलेली तडजोड दरखास्त चालवणाऱ्या कोर्टाला विचारातच घेता येत नाही. तुम्ही दोघांनी सह्या केलेला कागद मग कपाटातच राहील. काकांवर माझा अविश्वास नाही. पण उद्या कारभार त्यांच्या मुलांकडे जाईल, आणि त्यांच्या हातात हुकूमनामाच असेल.

म्हणून वकिलांना सांगा की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23, नियम 3 खाली तडजोड पुरशिस द्यायची आणि तिच्याप्रमाणे अपिलात नवा हुकूमनामा मागायचा. म्हणजे जुन्याच्या जागी तुम्ही दोघांनी ठरवलेलं येईल. अटी लेखी हव्यात, सगळ्या पक्षकारांच्या सह्या हव्यात. आत्याही पक्षकार आहे, तिला विसरू नका. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर पुन्हा अपील सहसा चालत नाही, तेव्हा मोजमाप, नकाशा, भिंत कोणाच्या खर्चाने बांधायची, हे सगळं आत्ताच नीट लिहून घ्या. "सामंजस्याने वापरू" असलं मोघम वाक्य नको. भांडणं तिथूनच पुन्हा उगवतात.

परसातली जी जागा काका बदल्यात देताहेत ती मूळ दाव्यात नव्हती. तिच्यासाठी नोंदणी लागेल. मुद्रांक शुल्काचंही विचारून ठेवा.

लोकअदालत जवळ आली असेल तर तिथे मिटवता येईल का, तेही विचारा. तिथल्या निवाड्यावर अपील नसतं आणि कोर्ट फी परत मिळण्याची तरतूद 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यात आहे.

सही करण्याआधी मसुद्याचा फोटो मला पाठवा. तारखेला मी येतेय. आई, तूही चल. काकू येतात का, ते मी त्यांना आजच फोन करून विचारते.

तुमची,
लेक