‘स्फोटके’ या एका शब्दाने भागत नाही

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

एखाद्या गोदामात, जहाजावर किंवा कारखान्यात मोठा स्फोट झाला की दुसऱ्या दिवशीच्या बातमीत ‘स्फोटकांचा साठा’ हे शब्द हमखास येतात आणि बहुतेक वेळा त्यापुढे माहिती जात नाही. तो साठा काळ्या दारूचा होता, मुख्य स्फोटकाला उडवणाऱ्या छोट्या नळ्यांचा म्हणजे डिटोनेटरांचा होता, खाणीत वापरायच्या इमल्शन नावाच्या लोण्यासारख्या मिश्रणाचा होता, फटाक्यांचा होता, की जागतिक वर्गीकरणात स्फोटक म्हणून गणनाच न होणाऱ्या, खत म्हणूनही वापरल्या जाणाऱ्या अमोनियम नायट्रेटचा होता, हे वाचकाला कळतच नाही. मी तीस वर्षे उघड्या खाणींतील सुरुंगकामाच्या देखरेखीवर काढली आहेत. हा भेद शब्दांचा काथ्याकूट वाटेल, पण आग लागल्यावर पाणी मारायचे की पळायचे, पळायचे तर किती लांब, हे त्यावरच ठरते. म्हणून हे पत्र लिहीत आहे.

स्फोटक द्रव्यात प्रचंड ऊर्जा ठासून भरलेली असते, असा सर्वत्र समज आहे आणि तो चुकीचा आहे. टीएनटी या नेहमीच्या स्फोटकाच्या एका किलोच्या स्फोटातून साधारण ४.२ मेगाज्यूल ऊर्जा बाहेर पडते असे धरतात. एक किलो वाळलेले लाकूड पूर्ण जळाले तर त्याच्या तिपटीहून अधिक आणि एक किलो पेट्रोल जळाले तर दहापटीच्या आसपास ऊर्जा मिळते. फरक आहे तो वेगाचा. लाकडाला हवेतून ऑक्सिजन ओढून घ्यावा लागतो, म्हणून ते निवांत जळते. बहुतेक स्फोटकांचा ऑक्सिजन त्यांच्याच रेणूत किंवा त्यांच्यात मिसळलेल्या क्षारात असतो, त्यामुळे हवेची वाट न पाहता डोळ्याचे पाते लवण्याच्या आत सगळ्या घनाचा तप्त वायू होतो आणि तो वाट फुटेल तिकडे धावतो. अशा द्रव्याची आग झाकून, कोंडून विझत नाही, हेही यातूनच ओघाने येते. पुढे टेक्सास सिटीची हकीकत सांगताना हा मुद्दा पुन्हा लागणार आहे.

वर्गीकरणाची पहिली रेघ याच वेगावर पडते. काळी दारू हे मंद स्फोटक आहे. ती थराथराने जळत जाते, उघड्यावर भपकन पेटते आणि कोंडली तर फुटते. टीएनटी हे तीव्र स्फोटक आहे. त्यातून सेकंदाला सुमारे ६,९०० मीटर वेगाने आघाततरंग धावतो आणि त्या तरंगाच्या दाबानेच पुढचे द्रव्य विघटित होत जाते. यालाच डिटोनेशन म्हणतात. दोन्हींचे काम वेगळे आहे. तीव्र स्फोटक खडकाचा चुरा करते. पण इमारतीसाठी अखंड ठोकळा काढायचा असेल तेव्हा चुरा होऊन चालत नाही, तिथे काळी दारू खडकाला त्याच्या नैसर्गिक चिरेवर हळूच सोडवते. म्हणून शेकडो वर्षांची ही जुनी दारू दगडखाणींतून अजून पुरती हद्दपार झालेली नाही.

दुसरी रेघ संवेदनशीलतेची आहे आणि माझ्या मते सामान्य माणसाने हीच नीट समजून घ्यायला हवी. लेड अझाइडसारखी प्राथमिक स्फोटके ठिणगीने, घर्षणाने, एखाद्या ठोक्याने उडतात. म्हणून ती डिटोनेटरच्या पोटात अगदी चिमूटभरच असतात. टीएनटी, आरडीएक्स यांसारखी दुय्यम स्फोटके तेवढ्याने उडत नाहीत, त्यांना डिटोनेटरचा धक्का लागतो. टीएनटीच्या बाबतीत तर १८६३ मध्ये तो प्रथम तयार झाला तेव्हा त्याच्याकडे पिवळा रंग म्हणून पाहिले गेले आणि तो स्फोटक आहे हे ध्यानात यायला जवळजवळ तीस वर्षे लागली. त्याहूनही सुस्त असतात ती खाणीतील अमोनियम नायट्रेटवर आधारलेली मिश्रणे. त्यांना नुसता डिटोनेटर पुरत नाही, मध्ये दुय्यम स्फोटकाचा बूस्टर ठेवावा लागतो. या उतरंडीचा एक विचित्र परिणाम असा होतो की ट्रकभर मालापेक्षा खिशात मावणारी वस्तू हाताळताना अधिक धोक्याची असते.

माझ्या उमेदवारीच्या काळातला प्रसंग आहे. आदल्या पाळीत उडवलेल्या सुरुंगांपैकी एक फुसका गेला होता. पाळी बदलताना त्याची नोंद वहीत व्हायला हवी होती, ती झालेली नव्हती. सकाळी ढिगारा उपसताना एका कामगाराला दगडांच्या चुऱ्यात काहीतरी चकाकताना दिसले आणि ते तळहातावर घेऊन तो सरळ आमच्याकडे आला. करंगळीहून बारीक, बोटभर लांबीची ॲल्युमिनियमची नळी, एका टोकाला चेपून बसवलेल्या वळ्या आणि त्यांतून बाहेर आलेली वीतभर पिवळी तार. “साहेब, पेन सापडलं,” तो म्हणाला. सुरुंग उडवणाऱ्या आमच्या ब्लास्टरने आवाज यत्किंचितही न चढवता त्याला जागीच बसायला लावले, नळी शेजारच्या भुसभुशीत मातीवर अलगद ठेवायला सांगितले आणि मग सगळ्यांना मागे घेतले. त्या नळीत स्फोटक असते एखाद्या ग्रॅमच्या आसपास. बोटे आणि डोळे जायला तेवढे पुरते. खरी काळजी पुढेच होती, कारण डिटोनेटर ढिगाऱ्यात आला होता तर सुरुंगाच्या त्या भोकातला उरलेला माल कुठे आहे, हे कोणालाच माहीत नव्हते. तो सापडेपर्यंत यंत्रे बंद राहिली आणि दगड हाताने एकेक उचलले गेले. त्या दिवशी इजा कोणालाच झाली नाही. वहीतली एक ओळ राहून गेली होती, एवढाच काय तो दोष. पण पुढे आयुष्यभर पाळी बदलताना ती वही स्वतः वाचल्याशिवाय मी खाणीत उतरलो नाही.

हे वाचून स्फोटके नकोतच असे कोणी म्हणू नये. खनिज, सिमेंटचा चुनखडक, रस्त्याची खडी, बोगदे आणि धरणांचे पाये यांपैकी फार थोडे सुरुंगाशिवाय होते. कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर रिपल रॉक नावाचा पाण्याखालचा खडक जहाजांचा काळ ठरला होता. ५ एप्रिल १९५८ रोजी सुमारे १,२७० टन स्फोटक वापरून त्याचे माथे उडवण्यात आले. तेलविहिरीच्या पोलादी नळीला खोलवर छिद्रे पाडणे, घसरू पाहणारा बर्फ माणसे नसताना आधीच पाडून टाकणे, एरवी एकमेकांना न जुळणारे दोन धातू स्फोटाच्या दाबाने सांधणे, ही सगळी त्याचीच कामे. नायट्रोग्लिसरिन तर हृदयशूळावरचे औषध म्हणूनही दिले जाते आणि ज्याने त्याला १८६७ मध्ये डायनामाइटच्या रूपात हाताळण्याजोगे केले, त्या आल्फ्रेड नोबेललाही उतारवयात डॉक्टरांनी तेच सुचवले होते. त्याचा धाकटा भाऊ एमिल १८६४ मध्ये याच द्रव्याच्या स्फोटात दगावला होता, हेही इथे सांगायला हवे.

माझ्या व्यवसायात सुरक्षिततेची जी प्रगती झाली, ती बरीचशी संवेदनशीलता कमी करत जाण्याची आहे. कोळसा खाणीतील वायू पेटू नये म्हणून तिथल्या खास स्फोटकांत साधे मीठ घालून ज्वालेचे तापमान उतरवतात. आजचे इमल्शन बऱ्याच ठिकाणी ट्रकमधून येते तेव्हा स्फोटक नसतेच. त्याला ते रूप भोकात उतरतानाच मिळते. भोके एकदम न उडवता काही मिलिसेकंदांच्या अंतराने उडवली की जमिनीचा हादरा कमी होतो. तरीही उडालेला दगड ठरवलेल्या हद्दीबाहेर जाऊ शकतो आणि स्फोटानंतर कधीकधी नारिंगी धूर तळाशी रेंगाळतो. तो नायट्रोजन डायऑक्साइड असतो. श्वासात गेला तर माणूस त्या क्षणी ठीक वाटतो आणि काही तासांनी फुप्फुसात पाणी होऊन कोसळतो. धूर निवळल्याची खात्री होईपर्यंत खाली कोणाला सोडायचे नाही, हा नियम त्यासाठीच आहे.

आता मुख्य गोष्ट. वाहतूक आणि साठवणीसाठी संयुक्त राष्ट्रांच्या शिफारशींनुसार जगभर एक वर्गीकरण वापरले जाते. त्यात स्फोटके पहिल्या वर्गात येतात आणि त्यांचे सहा विभाग आहेत. १.१ म्हणजे सगळा साठा जवळजवळ एकाच क्षणी उडेल, १.२ मध्ये मुख्य भय उडणाऱ्या तुकड्यांचे, १.३ मध्ये भीषण आगीचे, १.४ मध्ये धोका बहुतांशी खोक्यापुरता राहतो, १.५ आणि १.६ हे अतिशय सुस्त मालाचे विभाग, पैकी १.५ मध्ये उडालाच तर सगळा एकदम उडण्याची शक्यता असते. हा आकडा द्रव्यापेक्षा बांधणीसकट असलेल्या मालाला मिळतो. तेच डिटोनेटर एका प्रकारच्या खोक्यात १.१ ठरतात आणि एकाचा धक्का दुसऱ्याला पोहोचणार नाही अशा बांधणीत १.४ ठरतात. अशा पेटलेल्या मालापासून किती दूर जायचे, यासाठी उत्तर अमेरिकेतील अग्निशामकांच्या मार्गदर्शिकेत १.१ करता १,६०० मीटर आणि १.४ करता ५०० मीटर अंतर दिले आहे, आणि ज्वाळा मालापर्यंत पोहोचल्या असतील तर विझवण्याचा प्रयत्नच करू नका असे बजावले आहे. शुद्ध अमोनियम नायट्रेट मात्र या वर्गात मोडत नाही. ते ५.१ मध्ये, म्हणजे दुसऱ्याला जळायला ऑक्सिजन पुरवणाऱ्या द्रव्यांत (ऑक्सिडीकारकांत) येते, आणि नेमका तिथेच घात झालेला आहे.

१६ एप्रिल १९४७ रोजी अमेरिकेतील टेक्सास सिटीच्या धक्क्यावर ‘ग्रँडकॅम्प’ या जहाजात दोन हजार टनांहून अधिक अमोनियम नायट्रेट खत म्हणून भरलेले होते. सकाळी तळघरातून धूर येऊ लागला. पाण्याने माल खराब होईल म्हणून झाकणे लावून आत वाफ सोडण्यात आली. स्वतःचा ऑक्सिजन बाळगणाऱ्या द्रव्याला कोंडण्याने काही फरक पडत नाही, उलट वाफेने ते अधिक तापले. धुराचा रंग सुंदर नारिंगी होता, तो पाहायला लोक धक्क्यावर गोळा झाले होते. ९ वाजून १२ मिनिटांनी जहाज उडाले. किमान ५८१ माणसे गेली आणि गावच्या स्वयंसेवी अग्निशामक दलातील जवळजवळ सगळे त्यांत होते. त्याआधी ६ डिसेंबर १९१७ रोजी कॅनडातील हॅलिफॅक्स बंदरात टीएनटी आणि पिक्रिक ॲसिड हे दुसरे तीव्र स्फोटक भरलेले ‘माँ ब्लाँ’ जहाज टक्कर होऊन पेटले. पाणबुड्यांच्या भीतीने त्याने धोक्याचे लाल निशाण लावलेले नव्हते. आग पाहायला लोक खिडक्यांशी उभे राहिले आणि काचा फुटून शेकडो लोकांच्या डोळ्यांना इजा झाली. ४ ऑगस्ट २०२० रोजी बैरूतमध्ये सहा वर्षे गोदामात पडून असलेले सुमारे २,७५० टन अमोनियम नायट्रेट उडाले, तेव्हाही बंदरातली आग माणसे गच्चीतून मोबाइलवर टिपत होती, आणि आत साध्या आगीच्या वर्दीवर गेलेल्या पथकातील दहाही जण परतले नाहीत. स्फोटाचा लखलखाट दिसल्यानंतर त्याचा दाब एक किलोमीटर अंतर कापायला दोन-तीन सेकंद घेतो. खिडकीपासून बाजूला होऊन खाली वाकायला तेवढा वेळ असतो. हे शंभर वर्षांत तीनदा रक्ताने लिहून झाले आहे, तरी ते शाळेत शिकवले जात नाही याचे मला मनापासून वाईट वाटते.

आपल्याला विनंती अशी आहे की, अशा घटनेच्या बातमीत द्रव्याचे नाव, वर्ग आणि विभागाचा आकडा, अंदाजे वजन आणि शेजारी काय साठवले होते, एवढे चार तपशील संबंधितांकडून आग्रहाने मिळवावेत, आणि मिळाले नाहीत तर ते देण्यात आले नाहीत असे छापावे. डिटोनेटरांचा साठा मुख्य स्फोटकापासून वेगळ्या कोठारात होता का, हा प्रश्नही विचारावा. आणि शक्य झाल्यास एकदा दोन चित्रे शेजारी शेजारी रंगीत छापावीत: नारिंगी चौकटीतला फुटणारा गोळा, जो १.१ ते १.३ या विभागांवर असतो, आणि पिवळ्या चौकटीतले वर्तुळावरचे ज्वालाचिन्ह, जे ५.१ वर असते. ट्रकच्या मागे, गोदामाच्या दारावर ती लावलेलीच असतात. ती ओळखणारे डोळे आपल्या वाचकांत वाढावेत, एवढ्यासाठी हा पत्रप्रपंच.

आपला,
एक निवृत्त खाण अभियंता