वॉर्नके ‘वादग्रस्त’ नव्हे, खोटा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

कालच्या रविवार पुरवणीतला माइक वॉर्नकेवरचा लेख दोनदा वाचला. वॉर्नके म्हणजे ‘मी सैतानपूजक होतो, प्रभूने मला वाचवलं’ असं सांगत फिरणारा अमेरिकन ख्रिस्ती वक्ता. लेखभर त्याला ‘वादग्रस्त वक्ता’ म्हटलं आहे. वाद कसला? स्वतःच्या पुस्तकात हा माणूस कॅलिफोर्नियातल्या दीड हजार सैतानपूजकांचा पुरोहित, लांब केस, लांब काळी नखं. आणि त्याच दिवसांतल्या फोटोंत आखूड केसांचा, चष्मा लावलेला साधा कॉलेजचा मुलगा. १९६५ च्या सप्टेंबरात कॉलेजात गेला, १९६६ च्या जूनमध्ये नौदलात भरती झाला. पुरोहितपद, व्यसनं, अधःपतन, सगळं या नऊ महिन्यांत बसवायचं. पुढे खुनांसाठी कुप्रसिद्ध झालेल्या चार्ल्स मॅन्सनची १९६६ मध्ये भेट झाल्याचंही तो सांगे. मॅन्सन तेव्हा तुरुंगात होता, सुटला मार्च १९६७ मध्ये. याला वाद म्हणत नाहीत, थाप म्हणतात.

दुसरं, ही थाप पकडली कोणी? तुमच्या लेखकाने ‘पत्रकारांनी’ एवढ्यावर भागवलं. ‘कॉर्नरस्टोन’ हे शिकागोच्या ‘जीझस पीपल यूएसए’ या ख्रिस्ती मंडळीचं नियतकालिक होतं. हर्टनस्टाइन आणि ट्रॉट हे त्याचेच लेखक. शंभरावर लोकांशी बोलून त्यांनी १९९२ मध्ये सगळं छापलं, तेही विश्वासणाऱ्यांच्या लाडक्या वक्त्याविरुद्ध. हे गाळलं की ‘भाबडे भाविक फसले’ एवढंच उरतं, आणि लेखाचा सूर तोच आहे. १९८५ मध्ये अमेरिकेतल्या एबीसी वाहिनीने आपल्या ‘ट्वेंटी-ट्वेंटी’ कार्यक्रमात याच माणसाला घेतलं होतं. ती काही भाविकांची वाहिनी नव्हती.

मला हे इतकं झोंबलं त्याला घरचं कारण आहे. १९८९ च्या मे महिन्यात आमच्या तरुण संघाच्या शिबिरात एका पाहुण्या वक्त्यांनी वॉर्नकेची गोष्ट सांगितली होती, दोन तास. मुलं श्वास रोखून ऐकत होती. माझा धाकटा भाऊ तेव्हा एकोणीस वर्षांचा, आयटीआयला जायचा, उपासनेत पेटी वाजवायचा. पुढच्या रविवारी तो साक्ष द्यायला, म्हणजे प्रभूने आपलं आयुष्य कसं बदललं ते मंडळीला सांगायला, उभा राहिला आणि म्हणाला, मी दारूत बुडालो होतो, पत्त्यांवर पैसे लावत होतो, प्रभूने मला बाहेर काढलं. लोक रडले. आई बायकांच्या बाजूला चौथ्या बाकावर बसली होती. मांडीवर ‘उपासना संगीत’ हे गीतांचं पुस्तक उघडं होतं. तिने ते मिटलं आणि पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली, थेट शेवटच्या आशीर्वादापर्यंत.

घरी आल्यावर चहा ठेवता ठेवता तिने विचारलं, “बाळा, दारू कधी प्यालास रे? रोज सातच्या आत घरात असायचास.” तो खाली बघून म्हणाला, “आई, माझ्या साक्षीत सांगण्यासारखं काहीच नव्हतं गं.”

दोन वर्षांनी त्याला चांगलं स्थळ आलं होतं. मुलीच्या मामांनी आधी एकच चौकशी केली, दारू पक्की सुटली का? आईने परोपरीने सांगितलं, त्याने कधी थेंबाला हात लावलेला नाही. पण भर मंडळीत त्याने स्वतःच कबूल केलेलं! त्याच्यापुढे आईचं कोण ऐकणार? स्थळ मोडलं. आई जाईपर्यंत ही गोष्ट तिच्या मनातून गेली नाही. तिच्या लेकाची निर्व्यसनी, साधी, पेटी वाजवणारी उमर आमच्या मंडळीला साक्ष म्हणून पुरली नाही, याचं दुःख तिला होतं आणि मलाही आहे. आमच्या दहा आज्ञांत खोट्या साक्षीविरुद्ध वेगळी आज्ञा आहे, हे त्या दिवशी व्यासपीठावरच्या एकालाही आठवलं नाही. म्हणून खोट्याला ‘वादग्रस्त’ म्हणून सांभाळून घेतलेलं मला चालत नाही. लेखकांनी दुरुस्ती छापावी, ही विनंती.

लिहायला बसलेच आहे तर आणखी एक. तुमच्या अंकात ‘गुड फ्रायडेच्या हार्दिक शुभेच्छा’ अशी चौकट असते. तो आमचा प्रभूच्या वधस्तंभाचा दिवस. आम्ही उपास करतो, दुपारी तीन तास चर्चमध्ये बसतो. त्या दिवशी कोणी कोणाला शुभेच्छा देत नाही. मागच्या वर्षी फोन करून सांगितलं होतं, तरी यंदा पुन्हा तेच. शुभेच्छा जरूर द्या, पण दोन दिवसांनी, ईस्टरच्या रविवारी.

आपली,
एक वाचक, अहिल्यानगर